सैरंध्रीचे दोन रंग

आमच्या पिंपळगाव राजाच्या शिवारात कापूस पिकतो. सिनेमातल्या रंगांचा विचार करताना मला आधी तोच आठवतो, कारण जुन्या फिल्मची पट्टी मुळात कापसाचीच: नायट्रिक आम्लाची प्रक्रिया केलेला कापूस, त्यात कापूर. मूकपटांच्या काळात ती पट्टी कापडासारखी रंगात बुडवून काढत. रात्रीला निळा, दिव्याच्या उजेडाला पिवळसर, आगीला तांबडा. पण हा रंग वरून चढवलेला. वस्तूचा स्वतःचा रंग कॅमेऱ्याने टिपावा, ही आस निराळी.

‘प्रभात’ फिल्म कंपनीने ती धरली. बाबूराव पेंटरांनी १९२० मध्ये मूकपटात मांडलेली ‘सैरंध्री’ त्यांच्याच हाताखाली तयार झालेल्या व्ही. शांताराम यांनी १९३३ मध्ये रंगीत करायला घेतली. प्रिंट काढायला ते थेट जर्मनीला गेले. पडद्यावर आले ते रंग मात्र भडक, अनैसर्गिक होते.

त्यासाठी वापरलेली पद्धत दोन रंगांची. कॅमेऱ्यात दोन निगेटिव्ह पोटाला पोट लावून चालत. पुढची निळे-हिरवे टिपे, मागची तांबडे-नारिंगी. प्रिंटच्या एका अंगाला निळसर छटा, दुसऱ्या अंगाला तांबूस. दोन्ही गडद होऊन एकावर एक आल्या की काळपट. त्यामुळे जांभळा हाती लागेना आणि शुद्ध पिवळाही नाही. कुंकू एक वेळ उतरेल, हळद उतरणे शक्यच नव्हते. चांगल्यातल्या चांगल्या कारागिरालाही ही उणीव भरून काढता आली नसती. म्हणूनच ‘फसलेला रंगपट’ एवढ्या दोन शब्दांत ‘सैरंध्री’ला निकालात काढणे मला अन्यायाचे वाटते.

१९३७ मध्ये अर्देशीर इराणींच्या ‘किसान कन्या’ने देशातच रंग साधला. त्याच वर्षी प्रभातने ‘कुंकू’ काढला, तो कृष्णधवल. नावातच लाल असलेल्या त्या चित्रपटात शांता आपटेंच्या कपाळावरचे कुंकू काळे दिसते आणि तरी प्रेक्षकाला ते लालच वाटते. रंगाची खरी जागा कुठे असते, हे त्या कपाळाइतके स्पष्ट मला कुठल्याच रंगपटाने दाखवलेले नाही.

तरीही शांतारामबापूंनी रंगाचा नाद सोडला नाही. बावीस वर्षांनी, १९५५ मध्ये, त्यांचा ‘झनक झनक पायल बाजे’ टेक्निकलरमध्ये झळकला. त्या प्रिंटमध्ये पिवळ्यालाही स्वतःचा रंग मिळाला होता.