आधी निवाडा, मग बंदोबस्त

पैशाच्या खासगी वादात सरकारी बळ कोणाच्या बाजूने उभे राहावे, हा प्रश्न पोलीस खात्याहून जुना आहे. पेशवाई बुडाल्यावर इंग्रज अधिकारी माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने जिंकलेल्या मुलखाचा अहवाल १८१९ मध्ये लिहिला. त्यात तगाद्याची रीत नोंदली आहे. ऋणको बरोबरीचा किंवा खालचा असेल, तर धनको त्याला घराबाहेर पडू देत नसे, जेवू देत नसे, प्रसंगी उन्हात बसवी. ऋणको वरचढ असेल, तर धनको स्वतःच त्याच्या दारात उपाशी बसे, आणि मग घरच्यांनाही उपास घडे. दावा धनकोचा आणि बळही त्याचेच.

इंग्रजी कायद्याने हे बळ धनकोकडून काढून घेतले. देवाच्या कोपाची भीती घालून दारात धरणे धरणे हा १८६० च्या दंड विधानाने गुन्हा ठरवला. वसुली आता कोर्टाच्या बेलिफाकडे गेली. पण पुणे-नगरच्या शेतकऱ्याला त्यातून दिलासा मिळाला नाही. सावकार एकतर्फी हुकूमनामे मिळवू लागले, मागोमाग जप्ती आणि दिवाणी तुरुंग. मे १८७५ मध्ये सुप्याला उठाव झाला आणि गावोगाव कर्जखते जाळली गेली. १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्याने पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्याची अटक बंद केली आणि कर्जाचा मागचा हिशेब तपासण्याचे काम कोर्टावर टाकले. कोर्टाचा शिक्का असला म्हणजे बळ न्याय्य होत नाही, कोर्टाने आधी डोळे उघडून पाहिलेले असावे लागते, हे तेव्हा कायद्यात आले. पुढे १९८० मध्ये जॉली जॉर्ज वर्गीस प्रकरणात न्या. कृष्ण अय्यर यांनी ते अधिक ठाम केले: ज्याची ऐपतच नाही, त्याला कर्जापायी तुरुंगात टाकणे राज्यघटनेच्या कलम २१ मध्ये बसत नाही.

गेल्या पंचवीस वर्षांत चित्र दुहेरी झाले. २००२ च्या सरफेसी कायद्यामुळे बँकांना तारण ताब्यात घेण्यासाठी दिवाणी दाव्याची गरज उरली नाही. त्याच्या कलम १४ खाली जिल्हा दंडाधिकारी बळ वापरून ताबा मिळवून देऊ शकतो. दुसरीकडे, गुंड पाठवून कर्जाची वाहने ओढून नेण्याच्या प्रथेला सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये फटकारले. बँकेला पोलीस हवेत ताब्यासाठी, कर्जदाराला हवेत वसुलीवाल्यांपासून. दोघेही या मदतीला संरक्षणच म्हणतात.

खरी गफलत इथेच होते. समजा, बिल थकले म्हणून पुरवठादाराची माणसे साइटच्या फाटकात आडवी झाली आणि कंत्राटदाराने राज्यघटनेच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालयाकडे पोलीस संरक्षण मागितले. पोलिसांनी फाटक मोकळे केले की यंत्रे निघून जातात आणि पुरवठादाराच्या हाती काही उरत नाही. नाही केले, तर कंत्राटदार ओलीस. ‘योग्य ते संरक्षण द्यावे’ एवढाच आदेश असेल, तर हिशेबाचा निवाडा ठाण्यातला फौजदार करतो, आणि तोही कागद न पाहता.

केरळातल्या एका मठाधिपतीपदाच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये अशा संरक्षणाला मर्यादा घातली: जो हक्क दिवाणी न्यायालयाने निदान अंतरिम पातळीवर तरी स्पष्ट मान्य केलेला नाही, तो संरक्षणाच्या रिटमधून पदरात पाडून घेता येणार नाही. मला ही रेषा योग्य वाटते, पण ती जिवाच्या रक्षणाला लागू करू नये. मारहाणीपासून संरक्षण मागणाऱ्याने आपण देणे लागत नाही हे सिद्ध करण्याची गरज नाही. पक्का कर्जबुडव्यासुद्धा त्याला पात्र आहे. दाव्याच्या रक्षणासाठी मात्र आधी निवाडा हवा. म्हणून आदेशात कोणाला, कशापासून, किती दिवस संरक्षण आहे ते लिहावे, आणि देण्याघेण्याबद्दल न्यायालयाने काहीच ठरवलेले नाही, हेही. पुरवठादाराला निकालाआधीच्या जप्तीचा अर्ज दिवाणी न्यायालयात करता येतो.

तो अर्ज महिनोन्‌महिने पडून राहिला, तर ही सारी रेषा कागदावर राहते. पोलिसांनी दिवाणी वादात पडू नये असे ठणकावण्याचा अधिकार दिवाणी न्यायालयाच्या वेगातूनच येतो. जिथे तारीख लवकर लागते, तिथे फाटक अडवण्यात कोणाचाच फायदा नसतो.