मैदानावरची टाळी म्हणजे समता नव्हे



आज तुमच्याशी खेळाविषयी बोलायचे आहे. धम्माच्या पाक्षिकात खेळाचे काय काम, असे कोणी म्हणेल. त्यांना विनंती एवढीच की शेवटपर्यंत वाचा आणि मग ठरवा.

सोयाबीन निघाली की धनजच्या शिवारात काही वावरे मोकळी होतात आणि पोरे बॅट-बॉल घेऊन उतरतात. मागच्या हंगामात आपल्या वस्तीतील एका मुलाला टीमने शेजारच्या एका गावी सामन्याला नेले. त्याने पाच गडी बाद केले. सामना जिंकला. मोठ्या घरच्या पोरांनी त्याला खांद्यावर उचलले, गुलाल उधळला. संध्याकाळी त्या गावातील एका प्रतिष्ठित घरी टीमला चहा झाला. सर्वांना कपबशी आली. या मुलाला आणि त्याच्या एका सोबत्याला तेवढा कागदी पेला आला. कोणी काही बोलले नाही.

मुलाने घरी येऊन हे हसत हसत सांगितले. बाप म्हणाला, "पोराले टीममंदी घेतलं, खांद्यावर उचललं, हे का कमी हाये? कपाचं काय घेऊन बसता?" आई त्या वेळी गप्प राहिली. रात्री वंदना आटोपल्यावर तिने विहारात मला विचारले, "भाऊ, खांद्यावर घेतला तवा इटाळ झाला नाही, अन् कपाले कसा झाला?"

त्या माउलीला मी तेव्हा नीट उत्तर देऊ शकलो नाही. ते आज देण्याचा प्रयत्न करतो. त्यासाठी शंभर-सव्वाशे वर्षे मागे जावे लागेल, कारण हाच चहा पूर्वी एका फार मोठ्या माणसाने प्यायलेला आहे.

त्यांचे नाव बाळू पालवणकर. जन्म १८७६, धारवाड. घराणे चर्मकार समाजाचे, मूळचे कोकणातील पालवणचे. वडील लष्करात नोकरीला, म्हणून बालपण पुण्यात गेले. बाळूंना पहिले काम मिळाले ते खेळण्याचे नव्हे, मैदान झाडण्याचे. पुढे ते पुण्याच्या गोऱ्या साहेबांच्या क्लबात लागले. खेळपट्टीवर रोलर फिरवायचा, जाळी बांधायची आणि साहेबांना सराव म्हणून तासन् तास चेंडू टाकायचे. बॅट मात्र त्यांच्या हाती कोणी देत नसे. ग्रेग नावाचा एक नामांकित इंग्रज फलंदाज होता. बाळूंनी आपल्याला बाद केले की तो दर खेपेस आठ आणे देई, अशी कथा सांगतात. त्या चेंडू टाकण्यातूनच हिंदुस्थानातील एक थोर डावखुरा गोलंदाज घडला.

पुण्याच्या हिंदू क्लबाला साहेबांना हरवायचे होते. त्यासाठी बाळू हवे होते. परंतु बाळू अस्पृश्य होते. वाद झाला आणि शेवटी त्यांना संघात घेतले. मैदानावर त्यांनी टाकलेला चेंडू सर्वांनी हाताळला. चेंडूला विटाळ लागत नव्हता. परंतु चहाची वेळ झाली की इतरांना पॅव्हेलियनमध्ये चिनी मातीचे कप आणि बाळूंना बाहेर, मातीच्या टाकाऊ भांड्यात चहा. जेवणही वेगळे. हात-तोंड धुवायचे तर पाणी घालायला अस्पृश्य नोकरच यावा लागे.

वाचकहो, धनजच्या त्या माउलीचा प्रश्न इथे पुन्हा उभा राहतो. चेंडू चालतो आणि कप का चालत नाही? कारण चेंडूने त्यांचा फायदा होत होता. गरजेपुरता विटाळ बाजूला ठेवणे आणि विटाळ मनातून काढून टाकणे या दोन अगदी वेगळ्या गोष्टी आहेत.

पुढे बाळू मुंबईस गेले. १९०६ साली हिंदू संघाने युरोपियन संघाला १०९ धावांनी हरवले. त्या संघात बाळू आणि त्यांचे धाकटे बंधू शिवराम दोघेही होते. १९११ साली पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली हिंदी संघ इंग्लंडला गेला. तो बहुतेक सामने हरला. पण एकट्या बाळूंनी त्या दौऱ्यात ११४ गडी बाद केले. परत आल्यावर त्यांचे सत्कार झाले. अस्पृश्य समाजाला तर आकाश ठेंगणे झाले. आपल्यातील एक माणूस विलायतेत नाव काढून आला होता. तरुण भीमराव आंबेडकरांनाही बाळूंचा अभिमान होता आणि बाळूंच्या गौरवात त्यांनी भाग घेतला होता. ही गोष्ट आपण विसरू नये.

आता वादाकडे येऊ. बाळू संघातील सर्वांत अनुभवी खेळाडू. मग कर्णधार कोण व्हावा? उत्तर सरळ आहे. पण ते पद त्यांना कधीच दिले गेले नाही. १९१३ साली कर्णधार झालेले एम. डी. पै यांनी स्वतःच्या सत्कारातच सांगितले की हा मान ज्येष्ठ म्हणून बाळूंना मिळायला हवा होता. तरीही निवड करणारे हलले नाहीत. १९२० साली तर बाळूंनाच वगळले आणि त्यांच्याहून पुष्कळ लहान खेळाडूकडे नेतृत्व दिले. तेव्हा शिवराम आणि विठ्ठल हे दोघे बंधू निषेध करून संघाबाहेर पडले. त्यांची तक्रार उघड होती की हा निर्णय गुणावर नसून जातीवर झाला आहे. गवगवा झाला. बाळूंना उपकर्णधार करून परत घेतले आणि अंतिम सामन्यात पै काही काळ मैदानाबाहेर गेले, तेवढ्यापुरते नेतृत्व बाळूंच्या हाती आले. संबंध आयुष्य खेळलेल्या माणसाला नेतृत्व मिळाले ते एवढेच. पुढे १९२३ साली विठ्ठल पालवणकर हिंदू संघाचे कर्णधार झाले आणि संघ जिंकला. जे थोरल्याला नाकारले ते भावांनी भांडल्यावर धाकट्याला मिळाले.

पाहा, पायरी कशी असते. आधी घाम चालतो. मग चेंडू चालतो. पुष्कळ वर्षांनी चहा चालतो. पण "हा पुढे चालेल आणि आम्ही मागे चालू" ही पायरी आली की सगळे अडते. जात गुण पाहून टाळी वाजवील. पण आज्ञा ऐकण्याची पाळी आली की ती आपले मूळ रूप दाखवते.

आता या कथेतील अवघड भाग. तो लपवणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. हेच बाळू पुढे राजकारणात बाबासाहेबांच्या विरोधी बाजूला उभे राहिले. स्वतंत्र मतदारसंघाची मागणी त्यांना मान्य नव्हती. १९३२ च्या पुणे करारावर त्यांची सही आहे. १९३७ साली मुंबई कायदेमंडळाच्या निवडणुकीत काँग्रेसने त्यांना थेट बाबासाहेबांच्या विरुद्ध उभे केले. बाबासाहेबांना १३,२४५ मते पडली, बाळूंना ११,२२५. बाबासाहेब निवडून आले. बाळूंचे निधन ४ जुलै १९५५ रोजी झाले. नागपूरच्या दीक्षेला तेव्हा सव्वा वर्ष अवकाश होता.

म्हणून आपली काही तरुण मुले आज म्हणतात, "तो तर काँग्रेसचा माणूस, तो आपला नव्हताच." कोणी याहून पुढे जाऊन जात काढतात. बंधूंनो, हे बोलणे धम्माला शोभत नाही. पोटजातींचे हिशेब आपण दीक्षाभूमीवर ठेवून आलो आहोत. ज्या माणसाने मैदानाबाहेर बसून मातीच्या भांड्यातला चहा गिळला, त्याचे दुःख आपले नाही असे म्हणायला जीभ कशी रेटते? त्याला शिवी देणे सोपे आहे. त्याची चूक कोठे झाली हे शांतपणे समजून घेणे हेच सम्यक दृष्टीचे काम आहे.

मला वाटते, चूक अशी झाली. बाळूंच्या स्वतःच्या आयुष्यात काही दारे खरोखर उघडली होती. आधी बाहेर चहा देणारे पुढे सोबत जेवू लागले, हार घालू लागले. आपल्या गुणाने सवर्णांचे मन पालटते हे त्यांनी डोळ्यांनी पाहिले होते. म्हणून त्यांना वाटले असावे की धीर धरला तर सर्वांसाठीच असे होईल. एका माणसाचा अनुभव त्यांनी सगळ्या समाजाचा नियम मानला.

बाबासाहेबांकडेही गुण होता, आणि तो जगातील मोठ्या विद्यापीठांनी मान्य केलेला. परंतु १९१७ साली बडोद्यात त्यांना राहायला खोली मिळाली नाही. लपून ज्या पारशी पथिकाश्रमात राहिले तेथूनही त्यांना हाकलण्यात आले. मुंबईच्या सिडनहॅम कॉलेजात ते प्राध्यापक झाले, तेव्हा प्राध्यापकांच्या माठातील पाणी त्यांनी घेऊ नये म्हणून काही सहकाऱ्यांनी हरकत घेतली. बाबासाहेब म्हणू शकले असते, "मी आणखी मोठा विद्वान होतो, मग हे लोक मला पाणी देतील." तसे ते म्हणाले नाहीत. ते महाडला गेले. २० मार्च १९२७ रोजी चवदार तळ्यावर जे हजारो लोक पाणी प्यायले, त्यांत पदवीधर किती होते? गोलंदाज किती होते? बहुतेक शेतमजूर, गिरणी कामगार, निरक्षर माणसे. त्यांनी काहीही सिद्ध केलेले नव्हते. ती माणसे होती, एवढेच पुरेसे होते.

गुणवंताला मिळालेला चहा ही समता नव्हे. ज्याच्या अंगी कसलाही विशेष गुण नाही, त्याला निमूटपणे मिळालेले पाणी ही समता.

हा प्रश्न केवळ आपल्या देशाचा आहे असेही समजू नका. ऑस्ट्रेलियात त्यांच्या स्वतःच्या पद्धतीचा एक फुटबॉल खेळतात; लंबगोल मैदान, एका बाजूला १८ खेळाडू. त्या खेळात ॲडम गुड्स नावाचा तेथील मूळनिवासी वंशाचा खेळाडू होऊन गेला. २००३ आणि २००६ साली त्या खेळाचे सर्वोच्च वैयक्तिक पदक त्याला मिळाले. सिडनीच्या संघाकडून तो ३७२ सामने खेळला. मे २०१३ मध्ये मेलबर्नच्या मैदानावर एका १३ वर्षांच्या मुलीने त्याला प्रेक्षकांतून माकड म्हणून हिणवले. त्याने तिच्याकडे बोट दाखवले आणि रक्षकांनी तिला बाहेर नेले. दुसऱ्या दिवशी तो म्हणाला की त्या मुलीला दोष देऊ नका, तिला आधार द्या. २०१४ साली देशाने त्याला त्या वर्षीचा श्रेष्ठ ऑस्ट्रेलियन म्हणून गौरवले.

परंतु त्या मानाच्या जागेवरून त्याने वर्णद्वेषाबद्दल आणि आपल्या लोकांच्या इतिहासाबद्दल बोलायला सुरुवात केली आणि टाळ्या थांबल्या. २०१५ साली चेंडू त्याच्याकडे आला की हजारो प्रेक्षक हुर्यो करीत. त्याच वर्षी मे महिन्यात एक गोल केल्यावर त्याने आपल्या पूर्वजांच्या युद्धनृत्याचे चार पवित्रे केले, तर त्यावरही गदारोळ. त्या हंगामाच्या अखेरीस त्याने खेळ सोडला. २०१९ साली खेळाच्या संघटनेने आणि सर्व १८ क्लबांनी आपण त्याच्या पाठीशी उभे राहिलो नाही म्हणून जाहीर माफी मागितली. पुढे २०२१ साली त्यांनी देऊ केलेला कीर्तिमानाचा बहुमान त्याने नम्रपणे नाकारला. प्रतिष्ठा मागून मिळालेली नको, असा स्वाभिमान त्यात मला दिसतो.

म्हणजे टाळीला एक अट असते. "खेळ, पण बोलू नको." जो अट मोडतो त्याची टाळी काढून घेतली जाते. जे काढून घेता येते ते आपले कधीच नव्हते.

आता तथागतांच्या संघाकडे पाहा. उपाली हा शाक्यांचा न्हावी. शाक्य राजपुत्र प्रव्रज्या घ्यायला निघाले तेव्हा तोही त्यांच्यासोबत होता. राजपुत्रांनीच विनंती केली की उपालीला आमच्या आधी दीक्षा द्यावी, म्हणजे आम्हाला त्याला वंदन करावे लागेल आणि आमचा कुलाभिमान गळेल. भगवंतांनी उपालीला आधी दीक्षा दिली. पुढे उपाली विनयाचा सर्वश्रेष्ठ जाणकार ठरला. पण क्रम लक्षात घ्या. गुण नंतर दिसला. मान आधी मिळाला. हिंदू संघाने बाळूंकडून आयुष्यभर गुणाचा पुरावा मागितला आणि तरी नेतृत्व दिले नाही. भिक्खुसंघाने न्हाव्याकडून काहीच पुरावा मागितला नाही. आपण धर्म का बदलला, असे कोणी विचारले तर ही एकच गोष्ट सांगा.

म्हणून माता-पित्यांनो, मुलांना खेळू द्या. जरूर खेळू द्या. बाळूंची कथा त्यांना सांगा, अभिमानाने सांगा. ११४ हा आकडा पाठ करून घ्या. पण त्याच बरोबर हेही शिकवा की पाच गडी घेतले म्हणून तू माणूस झाला नाहीस. एकही गडी मिळाला नसता तरी तू तेवढाच माणूस होतास. वेगळा पेला आला तर भांडण नको, शिवीगाळ नको. नम्रपणे म्हणावे, "सर्वांना जो कप, तोच मला. नसेल तर मला चहा नको." आणि सोबतच्या मुलांपैकी एखाद्याने आपला कप खाली ठेवला, तर तो खरा सहखेळाडू समजावा.

आणखी एक गोष्ट, जी आपल्याच घरची आहे. वस्तीत ज्याचा मुलगा नोकरीला लागला त्याला आपण सतरंजीवर पुढे बसवतो आणि जो मजुरीला जातो त्याला दाराशी. तेव्हा आपणही गुणाच्या नावाखाली वेगळा पेलाच पुढे करत असतो. तो आधी फोडा.

धनजच्या माउलीला माझे उत्तर असे आहे. बाई, खांद्यावर त्यांनी तुमच्या मुलाला घेतलेच नव्हते. त्यांनी आपल्या विजयाला घेतले होते. मुलाला ज्या दिवशी घेतील, त्या दिवशी कप आपोआप येईल. तोपर्यंत आपण मुलाला हे कळू द्यावे की त्याची किंमत त्या कपावर ठरत नाही.

जय भीम.