लोकगीत, नभोवाणी आणि उत्तराचा अधिकार

नभोवाणी आणि मौखिक परंपरा यांच्या संबंधांविषयीची आपल्याकडील चर्चा बहुधा दोन टोकांमध्ये फिरत राहते. एका मतानुसार नभोवाणीने लुप्त होऊ पाहणारे लोकसंगीत जतन केले. दुसऱ्या मतानुसार तिने ते मूळ संदर्भातून उपटून शहरी रंजनाच्या दावणीला बांधले. ही मते परस्परविरोधी दिसत असली तरी त्यांच्या मुळाशी एकच गृहीतक आहे : गीत ही एक वस्तू असून ती सांभाळता येते किंवा बिघडवता येते. हे गृहीतक स्वीकारले की उरतो तो केवळ जतनाच्या तंत्राचा प्रश्न. प्रस्तुत लेखात तो नैतिक प्रश्न म्हणून मांडावयाचा आहे. शहरातील केंद्रावरून प्रक्षेपित झालेले ग्रामीण गीत ऐकणाऱ्यावर गाणाऱ्याचे कोणते ऋण येते?

या प्रश्नाच्या विचारासाठी मावळ हा प्रदेश विशेष उपयुक्त आहे, कारण तो मुंबई आणि पुणे या दोन प्रक्षेपणकेंद्रांच्या मध्ये वसलेला आहे. मुंबईहून इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचे प्रक्षेपण २३ जुलै १९२७ रोजी सुरू झाले. पुण्याचे केंद्र २ ऑक्टोबर १९५३ रोजी. त्याच्या कितीतरी आधी, १९१५ पासून, लोणावळा-वळवण परिसरातील तलावांचे पाणी घाटाखाली खोपोलीच्या वीजकेंद्रात उतरवून त्यापासून होणारी वीज मुंबईला पुरवली जात होती. मावळाने महानगराला पाणी दिले आणि महानगराने आवाज परत पाठवला, अशी मांडणी करण्याचा मोह होतो. मग लोकगीतही पाण्यासारखेच नेले गेले असे म्हणणे सोपे जाते. परंतु हे साम्य फसवे आहे. घाटाखाली वळवलेले पाणी खोऱ्यात उरत नाही; ध्वनिमुद्रित झालेली ओवी मात्र गाणारीच्या कंठात तशीच राहते. अपहरणाची कल्पना येथे अपुरी पडते. कमी होते ते काही निराळेच, आणि ते कोणते याचा शोध ओवीच्या रचनेतच घ्यावा लागतो.

जात्यावरची ओवी संबोधनाशिवाय संभवत नाही. ती जात्याला, विठ्ठलाला, दूरच्या भावाला, सासरी गेलेल्या लेकीला उद्देशून असते. परंतु तिची प्रत्यक्ष श्रोती म्हणजे खुंट्याला हात लावून समोर बसलेली जोडीदारीण. एकीने म्हटलेली ओवी दुसरी उचलते, तिला जोड देते, प्रसंगी प्रतिवादही करते. अर्थात या व्यवस्थेत ऐकणारी ही नेहमीच संभाव्य गाणारी असते. गाण्याचा अवधीही बाहेरून ठरत नाही. दळण सरले की गाणे सरते. शेतातल्या भलरीचेही असेच आहे : एकाने उचल घेतली की बाकीचे ती झेलतात, आणि कामाची लय हीच गाण्याची लय असते.

आकाशवाणीच्या व्यवस्थेत हे सारेच बदलते. डॉ. बा. वि. केसकर यांच्या मंत्रिपदाच्या काळात (१९५२-१९६२) आवाजचाचणी आणि श्रेणी यांची पद्धत दृढ झाली. गाणारा आता समूहाच्या नव्हे, परीक्षकांच्या मान्यतेने गातो. अवधी घड्याळ ठरवते. जोडीदारणीच्या जागी असा श्रोता येतो, की ज्याला गाणे आवडू वा नावडू शकते, पण जो ते उचलू शकत नाही. निवेदनात रचनाकाराच्या जागी ‘पारंपरिक’ हा शब्द उच्चारला जातो आणि तेवढ्याने श्रेयाचा प्रश्न निकालात निघतो.

यावर एक रास्त आक्षेप घेता येईल. शाहीर साबळे, विठ्ठल उमप यांच्यासारख्यांचे आवाज दूरवर पोहोचण्यात नभोवाणीचा वाटा आहे. ज्या घराच्या ओसरीवर एखाद्या गाणाऱ्याला बसू दिले गेले नसते, त्या घराच्या माजघरात त्याचा आवाज पोहोचला. ज्या समाजात ऐकण्यालाही जातीच्या मर्यादा होत्या त्या समाजात ही क्षुल्लक गोष्ट नव्हे. हा आक्षेप मान्यच केला पाहिजे. मात्र त्याने प्रश्न संपत नाही, अधिक टोकदार होतो. आवाजाला जो प्रवेश मिळाला तो माणसाला मिळालाच असे नाही. नभोवाणीने श्रोत्याला अशी सोय करून दिली की आवाज घ्यावा आणि संबंध टाळावा. उपभोग आहे, पण उत्तरदायित्व नाही, अशी ही अवस्था होय.

ही अवस्था माध्यमाच्या स्वभावातच आहे काय? तशी ती नाही, याचा पुरावा पुणे केंद्राच्याच इतिहासात मिळतो. युनेस्कोच्या साहाय्याने, कॅनडातील प्रयोगाच्या धर्तीवर, १९ फेब्रुवारी ते २४ एप्रिल १९५६ या काळात पुणे, अहमदनगर, नाशिक, उत्तर सातारा आणि कोल्हापूर या पाच जिल्ह्यांतील १५० गावांत शेतकरी श्रोतृमंडळे चालविण्यात आली. आठवड्यातून दोनदा, एकूण २० कार्यक्रम झाले. गावातील गटाने कार्यक्रम ऐकावा, त्यावर चर्चा करावी, कृती करावी, आणि आपल्या शंका व मते केंद्राकडे पाठवावीत, अशी ही योजना होती. पुढील प्रक्षेपणात त्यांची दखल घेतली जाई. टाटा समाजविज्ञान संस्थेने पॉल न्यूरथ यांच्या नेतृत्वाखाली या प्रयोगाचे मूल्यमापन केले. म्हणजे बोलणाऱ्या यंत्राला ऐकावयास लावणे १९५६ मध्येही शक्य होते.

त्याच सुमारास त्याच केंद्रावर ग. दि. माडगूळकर व सुधीर फडके यांचे ‘गीतरामायण’ समाप्तीकडे येत होते. १ एप्रिल १९५५ पासून वर्षभर चाललेल्या त्या ५६ गीतांच्या मालिकेला श्रोत्यांचा उदंड प्रतिसाद लाभला. तेथे कवी, संगीतकार, गायक यांची नावे होती आणि त्यांना दाद देणारा समाजही होता. शेतकरी श्रोतृमंडळांत ग्रामीण श्रोत्याला बोलण्याचा अधिकार होता, पण तो शेती आणि ग्रामविकास या विषयांपुरता. या दोहोंच्या मध्ये लोकगीताची जागा रिकामी राहिली. ‘आमचे गाणे असे का गाइले?’ हा प्रश्न गावाने विचारावा आणि केंद्राने त्याला बांधील राहावे, असे मंडळ लोकसंगीताच्या कार्यक्रमाला जोडले गेले नाही. पिकाविषयी गाव जाणता मानला गेला. गाण्याविषयी तो केवळ उगम मानला गेला. जाणत्याला आपण प्रश्न विचारतो, उगमातून फक्त उपसा करतो.

याच्या उलट दिशेचा प्रयत्न गी पॉइटविन आणि हेमा राईरकर यांनी केला. ऐंशीच्या दशकात पुणे जिल्ह्याच्या पश्चिमेकडील डोंगरी पट्ट्यातील कामातून जात्यावरच्या ओव्यांचे संकलन उभे राहिले. ते पुढे एक लाखाहून अधिक ओव्यांपर्यंत पोहोचले आणि २०१७ पासून ‘पारी’ या ग्रामीण भारताच्या जनसंग्रहातून प्रसिद्ध होऊ लागले. येथे ओवीसोबत गाणारीचे नाव आणि गाव येते. ‘पारंपरिक’ या शब्दाने पुसलेले पुन्हा लिहिण्याचा हा प्रयत्न आहे. अर्थात नाव नोंदवणे म्हणजे उत्तराचा अधिकार देणे नव्हे; संग्रहदेखील पाहणाऱ्याच्या सोयीने उघडतो आणि मिटतो. परंतु नावाशिवाय त्या अधिकाराचा आरंभच होत नाही, कारण निनावी उगमाशी वाद घालता येत नाही आणि त्याची क्षमाही मागता येत नाही.

ध्वनिलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी १९९५ मध्ये म्हटले. २००६ च्या धोरणाने सामुदायिक नभोवाणीचे दार स्वयंसेवी संस्थांनाही उघडले. मालकीचा प्रश्न यामुळे पुढे सरकला. ऐकण्याचा प्रश्न मात्र स्थानिक केंद्रालाही तितकाच लागू आहे. केंद्र कोठे आहे यापेक्षा, तेथून प्रक्षेपित झालेले गाणे परत उचलण्याची, दुरुस्त करण्याची, नाकारण्याची मुभा गाणाऱ्याला आहे की नाही, हा नीतीचा निकष होय.

हा निकष समीक्षेलाही लावावा लागेल. आपण ओवी उद्धृत करतो, तिच्यातील प्रतिमा, लय, स्त्रीजाणीव यांची मीमांसा करतो आणि खाली ‘लोकगीत’ असे लिहितो. देशीयतेचा आग्रह धरणारे लेखनही याला अपवाद नाही. तेथेही ‘देशी’ हे बहुधा मूल्य असते, क्वचितच व्यक्ती. अशा वेळी आपले विवेचन आकाशवाणीच्या त्या कार्यक्रमाहून फारसे वेगळे राहत नाही. जिच्या ओवीवर सिद्धांत उभारला तिला तो सिद्धांत सांगून पाहणे, तिचे म्हणणे विवेचनात विरोधी मत म्हणून समाविष्ट करणे, प्रसंगी आपला अन्वयार्थ मागे घेणे, हे क्षेत्रकार्याचे उपचार म्हणून सोडून देता येणार नाही. मौखिक परंपरेच्या समीक्षेत अर्थनिर्णयाची प्रामाणिकता ठरते ती यावरूनच.