वारस नसलेला इतिहास

धुळे जिल्ह्याच्या शिरपूर तालुक्यात, तापीच्या उत्तर काठावर, थाळनेर हे गाव आहे. खान्देशाबाहेर ते फारसे कुणाला ठाऊक नाही. पण खान्देश हे स्वतंत्र राज्य होते, तेव्हा त्याची पहिली राजधानी इथे होती. 1370 साली दिल्लीच्या फिरोजशाह तुघलकाने थाळनेरचा परगणा मलिक राजा फारुकी याला दिला. पुढे दिल्लीची पकड सुटली आणि तो स्वतंत्र झाला. 1601 मध्ये अकबराच्या हाती असीरगडाचा किल्ला पडेपर्यंत फारुकींची सत्ता टिकली. एवढा दीर्घ काळ आपल्याच मातीवर राज्य केलेले हे घराणे आज खान्देशातल्या किती घरांत बोलण्यात येते?

राजधानी इथेच का झाली, हे नदी पाहिली की कळते. मध्य प्रदेशातल्या मुलताईजवळ उगम पावलेली तापी 724 किलोमीटर पश्चिमेकडे वाहत सुरतेजवळ समुद्राला मिळते. उत्तरेला सातपुडा, दक्षिणेला सातमाळा-अजिंठ्याच्या रांगा आणि मधे काळ्या कसदार मातीचा सपाट पट्टा. सुरत आणि बुऱ्हाणपूर यांच्यातली वाहतूक शतकानुशतके याच पट्ट्यातून चालली. सह्याद्रीतले किल्ले डोंगर बघून बांधले गेले. थाळनेरचा किल्ला नदी बघून बांधला गेला. त्याची एक बाजू तापीच्या पात्रातूनच वर येते, उरलेल्या बाजूंना तट होते. आज त्या तटांचे अवशेषच उरले आहेत.

वाटांनी मोठे केलेल्या गावाला वाटा बदलल्या की लहान व्हावे लागते. मलिक राजाचा मुलगा नासिर खान याने असीरगड घेतला, बुऱ्हाणपूर वसवले आणि राज्याचे केंद्र पूर्वेकडे सरकले. व्यापार मात्र नंतरही बराच काळ टिकून होता. मग आगगाडी आली. सुरतेहून नंदुरबार, दोंडाईचा, अमळनेरमार्गे जळगावला जाणारा तापी व्हॅलीचा लोहमार्ग 1900 साली पुरा झाला, तो नदीच्या दक्षिणेकडून. मुंबई-आग्रा महामार्गानेही तापी ओलांडली ती पश्चिमेला, सावळद्याजवळ. थाळनेर आपल्या जागीच राहिले. जग दुसऱ्या वाटेने जाऊ लागले.

पण थाळनेर विस्मरणात जाण्याचे हे अर्धेच कारण झाले. वाटा तर रायगडापासूनही दूर गेल्या, तरी रायगड विसरला गेला नाही. उरलेले कारण मला असे दिसते की थाळनेरच्या इतिहासाला आज कुणी वारस नाही. आपण इतिहास जपतो तो बहुतेकदा वारसाहक्काने: आमचे घराणे, आमची जात, आमचा धर्म, आमचा पक्ष. ज्या इतिहासाला असा हक्क सांगणारा उरत नाही, तो सगळ्यांच्या डोळ्यांदेखत ढासळतो.

गावातले मकबरे पाहा. मलिक राजा 1399 मध्ये वारला, त्याला इथेच पुरले. त्याच्या घराण्यातल्या इतरांचीही थडगी इथे आहेत. त्यांतला अष्टकोनी मकबरा 1457 मध्ये निवर्तलेल्या मीरान मुबारकचा मानला जातो. त्याच्या दगडावरचे कोरीवकाम डोळे निवतील असे आहे. ते हात कुणाचे होते, हे आपल्याला ठाऊक नाही. पण तापीकाठच्या या घडणीचा अभिमान बाळगायला फारुकी असावे लागत नाही.

थाळनेरचा किल्लेदार तुळशीराम यालाही आज असाच कुणी वारस नाही. महिदपूरला इंग्रजांनी होळकरांचा पराभव केला आणि जानेवारी 1818 मधल्या मंदसोरच्या तहाने त्यांचा खान्देशातला मुलूख इंग्रजांकडे गेला. 27 फेब्रुवारीला सर थॉमस हिस्लॉपची फौज थाळनेरसमोर आली, तेव्हा किल्ल्याने प्रतिकार केला. शरणागतीची बोलणी चालू असताना आतल्या दरवाजाशी झटापट झाली, इंग्रज अधिकारी मारले गेले, आणि मग शिबंदीतले सुमारे 300 जण कापून काढले गेले. किल्लेदाराला फाशी दिले. हिस्लॉपचे हे कृत्य न्याय्य होते का, हा प्रश्न 1819 मध्ये ब्रिटिश संसदेतही उपस्थित झाला. लंडनमध्ये ज्याच्यावर वाद झाला, त्या तुळशीरामाचे नाव धुळ्यात तरी किती जणांना माहीत आहे?

लता मंगेशकरांचे आजोळही थाळनेरचे. त्यांच्या आई इथल्या एका गुजराती व्यापारी कुटुंबातल्या. आजीकडून ऐकलेले गुजराती गरबे लताबाईंच्या कानावर लहानपणीच पडले होते. गोव्यातल्या मंगेशीशी त्यांचे नाव आपण सहज जोडतो, कारण आडनावच तिथले. आईचे गाव मात्र आडनावात उतरत नाही, म्हणून आठवणीतूनही गळते.

पण वारस उरला नाही की इतिहास ढासळलाच पाहिजे, असे नाही. चेक प्रजासत्ताकात व्ल्टावा नदीच्या वळणावर चेस्की क्रुमलोव नावाचे छोटे शहर आहे. तिथला किल्ला तेराव्या शतकातला. रोझेनबर्ग, एगेनबर्ग, श्वार्झेनबर्ग ही घराणी तिथे आली आणि गेली. दुसऱ्या महायुद्धानंतर तिथल्या जर्मन भाषक रहिवाशांनाही घालवून देण्यात आले. तो अन्याय शहराच्या इतिहासाचाच भाग आहे. म्हणजे ज्यांनी शहर बांधले, त्यांच्यातले जवळजवळ कुणीच उरले नाही. तरीही नव्या रहिवाशांनी ते शहर पुन्हा उभे केले आणि 1992 मध्ये युनेस्कोने त्याला जागतिक वारशाचा दर्जा दिला. रक्ताचे नाते नसलेल्यांनाही इतिहास सांभाळता येतो, याचा हा पुरावा आहे.

असा पुरावा शोधायला खरे तर युरोपात जायचीही गरज नाही. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी हयातभर गावोगाव फिरून दुसऱ्यांच्या घरातली दप्तरे गोळा केली. 1926 च्या अखेरीस ते धुळ्यात निवर्तले, आणि पुढच्याच वर्षी धुळेकरांनी त्यांच्या नावाने संशोधन मंडळ काढले. ज्या घराण्यांची ती कागदपत्रे होती, त्यांच्याशी धुळेकरांचे काही नाते नव्हते. ती जपणे हे त्यांनी आपले काम मानले, एवढेच.

थाळनेरला आज याच वृत्तीची गरज आहे. शिरपूर, चोपडा, अमळनेरच्या शाळांच्या सहली दूरच्या गडांवर जरूर जाव्यात; पण इथल्या मुलाने आधी तुळशीरामाचे नाव ऐकावे आणि अष्टकोनी मकबऱ्याची नक्षी पाहावी. भूगोलाच्या तासाला तापी शिकवताना तिच्या काठची ही राजधानीही शिकवावी. जो या जमिनीचे पाणी पितो आणि तिच्यावर कापूस पिकवतो, तो तिच्या इतिहासाचा वारस आहे, मग तो इतिहास घडवणाऱ्यांशी त्याचे नाते असो वा नसो. हा वारसाहक्क जन्माने मिळत नाही, तो काळजी घेऊन मिळवावा लागतो. म्हणूनच तो सगळ्यांना खुला आहे.