म्हाताऱ्या राखणदाराचा हक्क



गेल्या महिन्यात मगरिबच्या नमाजीनंतर आमच्या मशिदीतील एका वयस्कर शेतकरी चाचांनी मला दाराशी थांबवले. प्रश्न विचारताना त्यांना संकोच वाटत होता. "मौलाना, कुत्र्याविषयी विचारले तर चालेल ना?" असे त्यांनी हळू आवाजात विचारले. मशिदीच्या दारात हा विषय काढणे त्यांना बेअदबीचे वाटले असावे. मी म्हणालो, "चाचा, ज्या विषयावर खुद्द प्रेषितांनी (स.) आपल्या साथीदारांशी बोलणे केले, तो विषय आपण का टाळावा?"

चाचांच्या मळ्यात तेरा वर्षांपासून एक कुत्रा आहे. भुईमुगात शिरणारी रानडुकरे त्याने हाकलली, शेळ्या राखल्या, चाचा रात्री पाणी द्यायला गेले तर बांधाबांधाने त्यांच्यापुढे चालला. आता त्याच्या डोळ्यांवर निळसर झाक आली आहे आणि मागचे पाय कापतात. दिवसभर तो गोठ्याच्या सावलीत झोपून असतो. दिवस मावळला की मात्र त्याची बेचैनी सुरू होते. तो गोठ्याभोवती फेऱ्या घालतो, एखाद्या कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून उभा राहतो आणि तिथून मागे कसे फिरावे हे न कळल्यासारखा विव्हळतो. शेजारी म्हणतात, कुत्रे रडणे हा अपशकुन आहे. मुलगा म्हणतो, गाडीत घालून दूर बाजाराच्या गावी सोडून येतो. चाचांना खरी बोचली ती मात्र एका ओळखीच्या माणसाची युक्ती. तो म्हणाला होता, "शरीअतने शेताच्या राखणीसाठी कुत्रा ठेवण्याची मुभा दिली. राखण संपली, मुभाही संपली."

वाचकहो, युक्तिवाद वरवर पाहता नेटका आहे आणि त्याचा पहिला भाग खराही आहे. शिकार, गुरे वा शेती यांच्या राखणीव्यतिरिक्त जो कुत्रा पाळतो, त्याच्या पुण्यातून दररोज घट होते, हे सहीह हदीसींत आले आहे. निव्वळ हौसेने कुत्रा पाळून त्याला दिवाणखान्यात बसवणाऱ्यांनी ही हदीस विसरू नये. परंतु चाचांनी कुत्रा हौसेने आणला नव्हता. प्रश्न असा आहे, की ज्या कामासाठी जनावर घेतले ते काम त्याच्याकडून होईनासे झाले, म्हणजे त्याचा आपल्यावरील हक्कही संपतो काय?

या प्रश्नाचे उत्तर सुमारे साडेसातशे वर्षांपूर्वी दिले गेले आहे. दमास्कसमध्ये जन्मलेले आणि हिजरी ६६० मध्ये कैरो येथे वारलेले शाफई पंथाचे थोर विद्वान इज्जुद्दीन इब्न अब्दुस्सलाम यांनी 'कवाइदुल अहकाम' या ग्रंथात जनावरांचे माणसावरील हक्क मोजून ठेवले आहेत. त्यांत जनावराच्या चाऱ्यापाण्याचा खर्च करणे हा हक्क सांगताना ते असे स्पष्ट करतात, की जनावर म्हातारे झाले वा आजारी पडले आणि त्यापासून कोणताही लाभ उरला नाही, तरी हा खर्च मालकावर राहतोच. म्हणजे हक्काचा आधार जनावराचा उपयोग हा नाही; ते आपल्या ताब्यात आहे, हा आहे. माझ्या अल्प समजुतीप्रमाणे राखणीसाठी ठेवलेला कुत्रा राखण करता करता म्हातारा झाला, तर त्याचे म्हातारपण हे त्याच राखणीचे शेवटचे वर्ष समजावे. त्याला हौसेचा कुत्रा म्हणणे न्यायाचे नाही.

पवित्र कुरआनमध्ये सूरह कहफमधील गुहेतल्या तरुणांचा कुत्रा आपण सर्वांना ठाऊक आहे. आयती वाचताना एक गोष्ट लक्षात घ्यावी. त्या कुत्र्याने कोणाला पळवून लावले, काही शोधून दिले, असे एकही काम तिथे नमूद नाही. तो उंबरठ्याशी पुढचे पाय पसरून पडून होता, एवढेच सांगितले आहे. आणि पुढे लोक त्या तरुणांची संख्या तीन, पाच की सात असा वाद घालतात, तेव्हा प्रत्येक वेळी कुत्राही मोजला जातो.

आता मुलाच्या सूचनेविषयी. मांजरीला कोंडून मारणाऱ्या स्त्रीची हदीस आपण अनेकदा ऐकतो. तिचा अपराध असा, की तिने मांजरीला खाऊही घातले नाही आणि जमिनीवरचे किडेमुंग्या खाण्यासाठी मोकळेही सोडले नाही. कोणी म्हणेल, मग सोडून देणे तर योग्यच झाले. पण ज्याला दिसत नाही, ज्याचे पाय चालत नाहीत, त्याला अनोळखी बाजारात सोडणे हे मोकळे करणे नव्हे. त्या हदीसीत मालकापुढे दोन वाटा होत्या. जनावर स्वतःचे पोट भरू शकत नसेल, तर मालकाला खाऊ घालण्याची एकच वाट उरते. मी हे चाचांच्या मुलालाही सांगितले. तो वाईट मुलगा नाही. दिवसभर राबून आलेल्या माणसाला रात्री झोप हवी असते, हेही समजून घेतले पाहिजे.

अपशकुनाची गोष्ट तर प्रेषितांनी (स.) साफ नाकारली आहे. परंतु शेजाऱ्यांपैकी एकाने मला हदीसच ऐकवली: रात्री कुत्र्यांचे भुंकणे ऐकाल तेव्हा अल्लाहचा आश्रय मागा, कारण तुम्हाला जे दिसत नाही ते त्यांना दिसते. हजरत जाबिर (रजि.) यांची ही हदीस अबू दाऊदमध्ये आहे. मी म्हणालो, "अगदी बरोबर. आता या हदीसीत तुम्हाला काय करायला सांगितले आहे?" ते म्हणाले, "अल्लाहचा आश्रय मागायला." "मग तो मागा. हातातला दगड मात्र खाली ठेवा, कारण दगडाचा उल्लेख त्यात नाही." (ते हसले, आणि दगड खरोखरच हातात नव्हता, हे इथे नोंदवतो.)

पण चाचांचा मूळ प्रश्न अजून बाकीच होता: त्याला शांत कसे करावे? याविषयी मला एका उंटाची हदीस सर्वांत मोलाची वाटते. प्रेषित (स.) एका अन्सारी साथीदाराच्या बागेत गेले. तिथल्या उंटाने त्यांना पाहताच आक्रोश केला आणि त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहू लागले. प्रेषित (स.) त्याच्याजवळ गेले, त्याच्या कानामागे हात फिरवला आणि तो शांत झाला. त्यानंतर त्यांनी विचारले, की हा उंट कोणाचा आहे? आणि त्या तरुण मालकाला अल्लाहची भीती बाळगण्यास सांगितले, कारण तो उंटाला उपाशी ठेवून राबवत होता. वाचकहो, इथला क्रम पाहा. आधी हात फिरवला, मग चौकशी केली. आपण बहुधा उलट करतो. आधी ओरडतो आणि कारण विचारतच नाही.

कारणे असतात. म्हातारपणी कुत्र्याची नजर मंदावते आणि उजेड कमी झाला की ओळखीची जागाही अनोळखी होते. सांध्यांच्या वेदनेने नीट बसवत नाही. कित्येक कुत्र्यांचा मेंदूच वयाने थकतो. दिवसाची झोप आणि रात्रीची जाग यांची अदलाबदल होते. सारे काही जाणल्यानंतर काहीच कळेनासे व्हावे, अशा वयाचा उल्लेख कुरआनने माणसाविषयी केला आहे आणि प्रेषितांनी (स.) त्या वयापासून अल्लाहचा आश्रय मागितला आहे. माणूस आणि जनावर यांची बरोबरी मी करत नाही. पण ज्यांच्या घरी वृद्ध आई दिवेलागणीला "मला घरी जायचे आहे" म्हणत उंबरठ्याशी येते, त्यांना हे विव्हळणे अगदीच परके वाटणार नाही.

म्हणून चाचांना मी एवढेच सुचवले. दिवस मावळण्यापूर्वी त्याला थोडे चालवून आणावे आणि रोज ठरल्या वेळी खाऊ घालावे. गोठ्यात अंधार पडण्याआधीच दिवा लावावा. त्याचे पोते आणि पाण्याचे भांडे एकाच जागी ठेवावे, जागा बदलू नये. कोपऱ्यात अडकला तर ओढू नये. समोरून जाऊन, हाक मारून, मानेवर हात ठेवून वळवावे. तालुक्याच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात दाखवावे, कारण वेदना असेल तर औषध मिळू शकते; घरातल्या माणसांच्या गोळ्या मात्र मुळीच देऊ नयेत, त्या त्याला विषासमान ठरू शकतात.

"आणि वुजू?" चाचांनी विचारले. वुजू मोडत नाही. आपल्या हनफी मतानुसार कुत्र्याची लाळ अपवित्र आहे. ती हाताला वा कपड्याला लागली तर तेवढा भाग धुवावा. भांड्याला लागल्यास ते तीनदा धुतल्याने पवित्र होते, सातदा धुणे उत्तम. कोरडा हात कोरड्या अंगावरून फिरवल्याने काहीच बिघडत नाही. कोकणातील आपले शाफई बांधव याबाबत अधिक कडक आहेत. त्यांच्या मते ओल्या स्पर्शानंतर सातदा धुवावे लागते, त्यांतील एकदा मातीने. त्यांनी त्याप्रमाणे करावे. नमाजीची जागा आणि राहते घर यांपासून त्याला दूर गोठ्यातच ठेवावे. धुण्याचा हुकूम पाण्याने पुरा होतो. त्यासाठी जनावराला काठीने दूर लोटावे लागत नाही.

आता चाचा मगरिब मशिदीत पढतात आणि थेट मळ्यावर जातात. इशाला येतात तेव्हा त्यांची उजवी बाही कोपरापर्यंत धुतलेली, ओली असते. परवा त्यांच्यासोबत मुलगाही होता. त्याचीही बाही ओली होती.