पाहणारा आणि पिणारा

माझा धाकटा भाऊ गेला त्याला येत्या मार्गशीर्षात दोन वर्षे होतील. त्याचा मोबाइल माझ्या टेबलाच्या खणात आहे. त्यात त्याने स्वतःचीच घेतलेली ४१ चित्रणे आहेत. दारू सोडतानाचे दिवस टिपून ठेवायचे, असा त्याचा संकल्प होता. पहिल्या चित्रणात तो तसे सांगतो. मी सात पाहिली आणि थांबलो. परवा भावजय म्हणाली, "दादा, पोरगा मोठा झाला की मागेल. ठेवायची की पुसायची, तुम्हीच सांगा."

मला सांगता आले नाही.

असे करणारा माझा भाऊ पहिला नव्हे. इंग्लंडमधल्या बेन नावाच्या तरुणाने हेरॉइनच्या विळख्यातले आपले दिवस स्वतःच कॅमेऱ्यात धरून ठेवले. सुई टोचून घेतानाही कॅमेरा चालूच. तो वाचला नाही. त्या चित्रणांचा माहितीपट २००८ साली तिथल्या दूरचित्रवाणीवर दाखवला गेला. व्यसनाची कबुली तर त्याहून पुष्कळ जुनी. डी क्विन्सीने आपल्या अफूची कहाणी १८२१ सालीच लंडनच्या एका मासिकात छापली. आपण जवळजवळ सुटलो, असे त्याने वाचकाला सांगितले. प्रत्यक्षात १८५९ साली मरेपर्यंत अफूने त्याला सोडले नाही. मी त्याला खोटारडा म्हणणार नाही. लेखणी हातात घेतली की माणसाला भूतकाळ वापरावा लागतो. 'मी पीत असे' या 'असे'मध्ये केवढा आधार आहे! माझ्या भावाच्या चित्रणांत तो कुठेच नाही. तिथे सगळे 'आहे'च आहे.

कॅमेऱ्याचा एक गुण मात्र मान्य केला पाहिजे. दारू फार झाली की मेंदू नव्या आठवणी साठवणेच थांबवतो. रात्री आपण काय बोललो, काय फेकले, हे सकाळी पिणाऱ्याला खरोखरच ठाऊक नसते. आणि घरातली बाई ते सांगू लागली की तीच खोटी ठरते. आमच्या घरी हा तंटा अकरा वर्षे चालला. चौथ्या चित्रणात तो एका दमात निकाली निघतो. त्यात भावजयीचा आवाज आहे : "बंद करा हो ते." आवाज रडका नाही. दमलेला आहे.

मुंडकोपनिषदात एकाच झाडावरचे दोन पक्षी आहेत. एक फळ खातो, दुसरा न खाता नुसता पाहतो. आपली सारी भिस्त त्या पाहणाऱ्यावर. मीही भावाला मोठ्या तोऱ्यात सांगितले होते, "स्वतःकडे तटस्थपणे पाहायला शीक." (उपदेश करणाऱ्याला घरी जाऊन झोपता येते, ही त्यातली मोठी सोय.) सातव्या चित्रणात तो मोबाइल पेल्याला टेकवतो, उजेड नीट पडतो का ते पाहतो आणि म्हणतो, "दादा सांगतो तसं पाहतोय मी. पाहतोय ना, मग एक चालेल." म्हणजे साक्षीच त्याचा पिण्यातला सोबती झाला. १९३५ साली अमेरिकेत मद्यपींनीच मद्यपींसाठी काढलेल्या संघटनेच्या बैठकांत माणूस आपली हकिकत सांगतो. पण समोरचाही त्याच वाटेवरून आलेला असतो आणि आपली पाळी आली की तोही बोलतो. कॅमेरा उलटून काही बोलत नाही. मीही त्या दिवसांत फारसा गेलो नाही.

मग ही चित्रणे कुणाची? काढली त्याने, पण त्यातला संसार एकट्याचा नव्हे. तिच्या परवानगीविना तिचा आवाज त्यात शिरला आहे. पुसण्याचा किंवा ठेवण्याचा हक्क कुणाला असेलच, तर तो तिला आहे. काल मी तिला एवढेच सांगितले.

"माझा आवाज आहे त्यात?" तिने विचारले. तिला ठाऊकच नव्हते. थोड्या वेळाने म्हणाली, "मग आधी मी बघते. सगळी."

रविवारी ती येणार आहे. मोबाइल मी विजेला लावून ठेवला आहे. सातवे चित्रणही तिला दाखवावे लागेल.