वर की खाली?

कर्नाळ्याला दोन तऱ्हेचे लोक येतात. काहींना पक्षी हवे असतात, काहींना किल्ला. पक्षी पाहणारा दाट झाडीतच रेंगाळतो. शीळ ऐकू आली की थबकतो, मान वर करून फांदी शोधतो. किल्ल्यावर निघालेल्याला मात्र ही झाडी कधी एकदा संपते असं झालेलं असतं. अंगठ्यासारखा उभा सुळका आणि त्यापलीकडचा मुलूख झाडीतून कुठला दिसायला? जंगल तेच, पण एकाची सोय होते आणि दुसऱ्याची अडचण.

प्रा. बी. व्ही. श्रीकंतन यांनी अशी अडचण आणि सोय दोन्ही पाहिल्या. 1948 साली ते मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत रुजू झाले. होमी भाभांनी त्यांना कोलारच्या सोन्याच्या खाणीत धाडलं. विश्वकिरणांतले म्युऑन जमिनीत किती खोलवर पोचतात, ते मोजायचं होतं. खडक जितका जाड, तितके नको असलेले कण वरच अडतात. म्हणून तिथे खडकाचीच मदत झाली. 1965 मध्ये याच खाणीत, सुमारे 2.3 किलोमीटर खोलीवर, वातावरणात जन्मलेल्या न्यूट्रिनोंच्या खुणा सापडल्या. त्या गटातही श्रीकंतन होते.

पण तोवर नवा प्रश्न उभा राहिला होता. 1962 मध्ये रिकार्डो जियाकोनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांना अग्निबाणावरच्या उपकरणांतून वृश्चिक राशीत क्ष-किरणांचा प्रखर स्रोत सापडला. आकाशातून येणारे हे किरण हवा वरच्या वर शोषून घेते. त्यामुळेच आपण सुखरूप आहोत आणि त्यामुळेच जमिनीवरून ते टिपता येत नाहीत. इथे खाणीचा उपयोग शून्य. चाळिशीतले श्रीकंतन अमेरिकेत एमआयटीत गेले, त्या स्रोताची नेमकी जागा ठरवणाऱ्या 1966 च्या प्रयोगात सामील झाले आणि परतल्यावर मुंबईत क्ष-किरण खगोलशास्त्राचा पाया घातला. 28 एप्रिल 1968 रोजी हैदराबादहून सोडलेल्या बलूनमधल्या उपकरणाने त्याच स्रोताचा वेध घेतला. बलून जवळजवळ सगळी हवा खाली टाकून वर जातो. तरी तिथेही जास्त ऊर्जेचेच क्ष-किरण पोचतात. बाकीच्यांसाठी उपग्रहच हवा. 28 सप्टेंबर 2015 रोजी ‘अ‍ॅस्ट्रोसॅट’ झेपावला, तेव्हा त्यावरच्या क्ष-किरण उपकरणांत टाटा संस्थेचा मोठा वाटा होता.

खाणीत नाव झालेल्या माणसाने उरलेलं आयुष्य खाणीतच काढलं असतं, तर कुणी बोल लावला नसता. श्रीकंतन यांनी जागेपेक्षा प्रश्नाला मान दिला.

आज आपलं एखादं काम अडलं असेल, तर अडथळ्याला दोष देण्याआधी स्वतःला एकच विचारावं: मला नक्की काय पाहायचं आहे? त्याचं उत्तर मिळालं की वर चढायचं की खाली उतरायचं, ते ठरतं. मग मात्र आवडीची जागा सोडायची तयारी ठेवावी.